केन डॉडची वही आणि आमची खतावणी

भाचा लिव्हरपूलला शिकायला गेला त्याला आता दीड वर्ष होईल. तिथं गाडीतनं उतरला आणि आईला पोचलो म्हणून फोन करायच्या आधी त्यानं मला एक फोटो टाकला. लाइम स्ट्रीट म्हणून तिथलं मोठं स्टेशन आहे, त्या स्टेशनातला पुतळा. आपल्याकडं पुतळा म्हणलं की घोडा, तलवार, नाहीतर हातात पुस्तक आणि वर केलेलं बोट. ह्याच्या हातात झाडणी! कपाटावरची धूळ झटकायला पिसांची असते ना, तसली. केस ताठ उभे, दात पुढं. त्याच्यासोबत एक जाडजूड बाई, तिच्या हातात अंडं. खाली भाच्यानं लिहिलेलं, 'मामा, तुझा धंदेवाला सापडला बघ.'

बाई म्हणजे बेसी ब्रॅडॉक, तिथल्या खासदार होत्या, अंड्याची भानगड परत कधीतरी. झाडणीवाला म्हणजे केन डॉड, तिथला मोठा विनोदी कलाकार. त्या रात्री जेवण झाल्यावर यूट्यूब उघडलं ते दोन वाजता बायकोनं येऊन वायफायच बंद केलं.

धंदेवाला का म्हणाला ते सांगतो. दिवसा मी सांगलीच्या मार्केट यार्डात हळदीच्या अडत दुकानात दिवाणजी. शेतकऱ्याची हळद येते, सौदा निघतो, वजन होतं, हमाली तोलाई वजा करून पट्टी, म्हणजे शेतकऱ्याच्या हिशोबाची पावती, करायची, कीर्दीत म्हणजे रोजच्या वहीत टाकायचं, खतावणीला म्हणजे खातेवार वहीला न्यायचं, एकोणीस वर्षं हेच. आता सगळं कॉम्प्युटरवर आलंय पण आमच्या अण्णांचा, म्हणजे मालकांचा, कॉम्प्युटरवर विश्वास नाही, त्यामुळं लाल कापडी पुठ्ठ्याची चोपडी पण चालूच, म्हणजे एकाच हिशोबाला दोनदा मरायचं. आणि संध्याकाळी सहानंतर मी निवेदक. गणपती, नवरात्र, जत्रेतला ऑर्केस्ट्रा, पैठणीचे खेळ, कारखान्याच्या कामगारांचं स्नेहसंमेलन, जे मिळेल ते. निवेदक हे पत्रिकेवर छापायला. गावात पोचल्यावर लोक विचारतात ते, 'जोकवालं आलं काय रं?'

तर केन डॉड. जन्म ८ नोव्हेंबर १९२७, लिव्हरपूलच्या कडेला नॉटी अ‍ॅश नावाची वस्ती आहे तिथं. वडील कोळशाचे व्यापारी. ज्या घरात जन्मला त्याच घरात नव्वद वर्षं राहिला आणि त्याच घरात गेला. एवढा मोठा स्टार, लंडनला बंगला घेऊ शकला असता, पण नाही. आमच्या सांगलीत नदीकडच्या गावभागातला माणूस जसा पुराचं पाणी दोनदा घरात आलं तरी वरच्या विश्रामबागला जायला तयार होत नाही, तसलाच प्रकार.

दात पुढं कसे आले त्याची गोष्ट आहे. लहानपणी पोरांनी पैज लावली, डोळे मिटून सायकल चालवून दाखव. ह्यानं दाखवली. पडला, दात ते तसेच राहिले आणि पुढं त्याच दातांवर आयुष्यभर खाल्लं. मग एका मुलांच्या मासिकात जाहिरात बघितली, सहा पेन्सची तिकिटं पाठवा आणि शब्दभ्रम शिका, शिक्षकांना फसवा, मित्रांना चकित करा. आपल्याला शब्दभ्रम म्हणलं की रामदास पाध्ये आणि अर्धवटराव आठवतात, तसली बोलकी बाहुली आईवडलांनी ह्याला आणून दिली. मला ह्या आईवडलांचं कौतुक वाटतं. माझ्या वडलांनी मी नववीत स्टेजवर मिमिक्री केली तेव्हा घरी येऊन विचारलेलं, 'गणिताचा पेपर आला का हातात?'

चौदाव्या वर्षी शाळा सुटली. भावाबरोबर कोळशाच्या गाडीवर, मग दारोदार फिरून घरगुती सामान विकायचं, आणि रात्री क्लबात, हॉलात, मिळेल तिथं कार्यक्रम. दारोदारीचा अनुभव फार कामाचा असणार असं माझं मत आहे, कारण दार उघडल्यावर बाई दार लावणार का उभी राहणार हे पहिल्या वाक्यालाच ठरतं. स्टेजवर तेच असतं, फक्त दार दिसत नाही.

धंदा म्हणून पूर्णवेळ स्टेजवर आला १९५४ च्या सप्टेंबरात, नॉटिंगहॅमच्या एम्पायर थिएटरात, सव्वीस वर्षांचा होता. त्या दिवशी दुपारभर शेजारच्या एका मिल्क बारमधे बसून स्वतःची वाक्यं घोकत होता. हे वाचलं आणि मला कवठेएकंदची चहाची टपरी आठवली. माझा पहिला पैशाचा कार्यक्रम, दुपारी चारपासून मी तिथं बसून कागद पाठ करत होतो, सहा चहा झाले, टपरीवाला शेवटी म्हणाला, 'पावणं, परीक्षा हाय काय?' डॉड त्या रात्रीबद्दल नंतर म्हणायचा की निदान हाकलून तरी दिलं नाही. चार वर्षांत, १९५८ ला, ब्लॅकपूलला पोस्टरवर सगळ्यात वर त्याचं नाव होतं.

त्या काळी तिथं व्हरायटी नावाचा प्रकार जोरात होता. एकाच तिकिटात गाणं, जादू, कसरत, नाच, मधे एक विनोदी माणूस, आणि रात्रीत दोन खेळ. आपल्या तमाशात कसं गण, गौळण, बतावणी, वग अशी उतरंड असते, थोडंफार तसं. आपल्या भागाला हे समजावून सांगायची गरजच नाही म्हणा. विष्णुदास भाव्यांनी १८४३ ला सीतास्वयंवर केलं ते ह्याच सांगलीत, आणि काळू-बाळू इथनं पाचदहा किलोमीटरवरच्या कवलापूरचे. लहू आणि अंकुश खाडे, जुळे भाऊ, काळू आणि बाळू ही वगातल्या हवालदारांची नावं, पण लोकांनी खरी नावं कधी विचारलीच नाहीत. माझे आजोबा सांगायचे की ते दोघं नुसते एकामागनं एक स्टेजवर आले तरी बायका पदर तोंडाला लावायच्या. डॉडचं पण तसंच असावं. त्याचा एक जुना व्हिडिओ आहे, माणूस पडद्यामागनं येतो, अजून काही बोललेला नाही, नुसती झाडणी हलवतोय आणि पब्लिक गेलं कामातनं.

त्या झाडणीला तो टिकलिंग स्टिक म्हणायचा, गुदगुल्या करायची काठी. लाल पांढरी निळी. बाकी त्याची एक सगळी दुनियाच होती, नॉटी अ‍ॅशमधे डिडी मेन नावाची बुटकी माणसं राहतात आणि ती तिथल्या जॅम-पावाच्या खाणीत काम करतात. जॅम लावलेला पाव जमिनीतनं खणून काढायचा! इंग्रजी पोरांना ह्याचं फार वेड होतं म्हणे. खरं सांगू का, डिडी मेन मला फार झेपले नाहीत, थोडं पोरकट वाटलं. पण खाणीवरनं मला हरिपूरची पेवं आठवली. सांगलीबाहेरच्यांना सांगतो, आमच्याकडं हळद जमिनीखाली पेवात साठवायचे, वरनं एक माणूस उतरेल एवढं तोंड आणि खाली कोठार. पेव उघडलं की लगेच कोणी उतरत नाही, आधी कंदील सोडून बघायचा, विझला तर आत हवा नाही. २००५ च्या पुरात कितीतरी पेवं गेली. मी एकदा कार्यक्रमात सोडून दिलं की हरिपूरच्या पेवात बुटके लोक राहतात आणि हळदीचं दूध काढतात. हरिपुरात हसले. यार्डात हसले नाहीत, आमचे अण्णा म्हणाले, 'दूध किती निघालं? पट्टी कर.'

म्हणजे हसले का नाही ह्याचा हिशोब, आणि हाच माझा खरा मुद्दा आहे, मघापासून तिकडंच यायचं होतं पण मधेच खाण लागली.

हा केन डॉड प्रत्येक कार्यक्रमानंतर वही लिहायचा. कुठलं गाव, कसलं पब्लिक, कुठला जोक चालला, कुठला पडला. आणि हे एकदोन वर्षं नाही, आयुष्यभर. त्यातनं त्यानं अख्ख्या ब्रिटनचा एक नकाशाच केलेला, गिगल मॅप, हसण्याचा नकाशा. ह्या गावात सासूवर बोला, त्या गावात नको, इथं हळू घ्या, तिथं धडाका लावा. लिव्हरपूलमधला जोक लंडनमधे चालत नाही कारण लंडनच्या लोकांना तो ऐकूच येत नाही, हे त्याचंच. विनोदावर लिहिणारी मोठमोठी विद्वान माणसं पण त्यानं वाचलेली, फ्रॉइड वगैरे. आणि वाचून काय म्हणाला तर, फ्रॉइडची अडचण एवढीच की रेंजर्स आणि सेल्टिक दोन्ही हरल्यावर शनिवारी रात्री ग्लासगोच्या एम्पायरला त्याला कधी उभं राहावं लागलं नाही. रेंजर्स आणि सेल्टिक म्हणजे ग्लासगोचे दोन फुटबॉल क्लब, एकमेकांचे हाडवैरी, म्हणजे अख्खं थिएटर चिडलेलं.

लोकांना काय वाटतं, विनोदी माणूस म्हणजे मनाला येईल ते बोलणारा, उधळ्या, हजरजबाबी, देवानं जीभ दिलीय म्हणून चाललंय. तसं नसतं. हे काम दिवाणजीचं आहे. रोजमेळ घालायचा. आज काय आलं, काय गेलं, शिल्लक काय. मला हे कोणी शिकवलं नव्हतं, सवयच हिशोबाची म्हणून मी पण पहिल्यापासून वही ठेवत आलोय. डाव्या बाजूला जमा, म्हणजे चाललेले, उजव्या बाजूला नावे, म्हणजे पडलेले. भाच्याला हे माहीत होतं म्हणून तर त्यानं 'तुझा धंदेवाला' लिहिलं, मला वाटलेलं नुसत्या दातांवरनं म्हणतोय.

माझ्या वहीतलं सांगतो थोडं. मिरजेत डॉक्टरवरचा जोक हमखास, तिथं घरटी एक पेशंट नाहीतर एक कंपाउंडर. पलूस, किर्लोस्करवाडीकडं शिफ्टवरचे, ओव्हरटाइमवरचे. जतच्या पूर्वेला निम्मं पब्लिक कन्नड, तिथं जोक टाकला की आधी एक लाट हसते, मग शेजारचा शेजाऱ्याला कन्नडमधे सांगतो आणि दुसरी लाट येते, ती दुसरी लाट यायच्या आत तुम्ही पुढचा जोक टाकला तर दोन्ही वाया. हे कळायला मला तीन कार्यक्रम लागले. आणि जतला पाण्याच्या टँकरवर लोक पोट धरून हसतात पण टँकरचा विषय त्यांनी काढला पाहिजे, आपण काढला की मामला थंड.

नावे बाजूला सगळ्यात मोठी नोंद तासगावजवळच्या एका गावातली. द्राक्षपट्टा. माझा एक ठेवणीतला जोक होता, बागायतदार आणि त्याची नवी गाडी, विट्याला चाललेला, आष्ट्याला चाललेला, अगदी तासगावात पण चाललेला. नेहमीसारखा टाकला. काही नाही. म्हणजे कमी हसले असं नाही, काहीच नाही. मंडपाच्या कनातीचं फडफडणं ऐकू येत होतं. पुढच्या रांगेत एक म्हातारा बसलेला, फेटा, हातात काठी, तो रागावला पण नव्हता, नुसता माझ्याकडं बघत होता, जसं आपण चुकीच्या घरी आलेल्या माणसाकडं बघतो. आमच्या ऑक्टोपॅडवाल्यानं समजून गाण्याची सुरुवात वाजवली म्हणून वाचलो. खाली उतरल्यावर कमिटीतल्या एकानं खांद्यावर हात ठेवून सांगितलं, परवा रात्री अवकाळी झाला, काढणीला आलेल्या बागा होत्या, मणी तडकले सगळे. येताना रस्त्याच्या दोन्ही बाजूला बागाच होत्या आणि मी गाडीत बसून जोक पाठ करत होतो, खिडकीतनं बाहेर बघितलं असतं तरी कळलं असतं. त्या रात्री वहीत लिहिलं, 'पाऊस विचारून मग बाग.' ह्याच्यापेक्षा जास्त लिहायचा धीर नव्हता.

परत डॉडकडं. १९६५ हे त्याचं वर्ष. लंडनच्या पॅलेडियम थिएटरला सलग ४२ आठवडे त्याचा खेळ चालला. त्याच वर्षी त्याचं टिअर्स हे गाणं पाच आठवडे पहिल्या नंबरला होतं, दहा लाखांच्या वर तबकड्या खपल्या. विनोदी माणसाचं रडकं गाणं, आणि काळ कुठला तर त्याच्याच गावच्या बीटल्सचा! आपल्याकडं हे कसं वाटेल, सोंगाड्यानं भैरवी गायली आणि घराघरात वाजली, तसं. त्याच्या नावावर एक विक्रमपण आहे, लिव्हरपूलच्या रॉयल कोर्ट थिएटरात साडेतीन तासांत १५०० जोक, लोक पाळ्या लावून ऐकायला येत होते. मी कॅल्क्युलेटर काढून बघितलं, मिनिटाला सातच्या वर पडतात, म्हणजे साडेआठ सेकंदाला एक. मी पैठणीच्या खेळात साडेआठ सेकंदात वहिनींचं नाव पण नीट विचारत नाही.

साडेतीन तास तर काहीच नाही, त्याचे नेहमीचे कार्यक्रम पाच पाच तास चालायचे, मध्यरात्र उलटून जायची, लोकांच्या शेवटच्या बस चुकायच्या. त्यावर पण जोक, की तुम्हाला वाटत असेल निसटून घरी जाल, मी मागनं येईन आणि दाराला पत्र टाकायची फट असते त्यातनं ओरडून जोक सांगेन. हे सगळं बघताना मला नुसता हेवा वाटत होता. आपल्याकडं पहाटेपर्यंत तमाशा चालायचा ते आजोबांच्या तोंडून ऐकलं, आमच्या वाट्याला रात्री दहा. दहा वाजता माईक बंद म्हणजे बंद, गणपतीत ठरावीक दिवस बारापर्यंत सूट. त्यात सत्कार असतात. साडेसातचा कार्यक्रम पावणेनऊला सुरू, मग सरपंच, उपसरपंच, देणगीदार, प्रत्येकाला शाल नारळ, प्रत्येकजण दोन शब्द म्हणून पंधरा मिनिटं, आणि मग निवेदकाला खालनं खूण करायची, आवरतं घ्या. एका मंडळानं तर मला चाळीस मिनिटं म्हणून बोलावलं, चार मिनिटं दिली आणि पाकीट पण त्याच हिशोबानं. नाव नाही सांगत, परत बोलवतील म्हणून.

टीव्हीवर डॉड मला तेवढा आवडला नाही, हेही सांगून टाकतो. तिथं दहा मिनिटांत कापून दाखवतात, आणि ह्या माणसाचा खरा खेळ साचत जाण्याचा आहे, पहिल्या तासात बरं वाटतं, दुसऱ्यात पोट दुखतं, तिसऱ्यात माणूस कशाला हसतोय तेच विसरतो. ह्याच माणसानं १९७१ मधे शेक्सपिअरच्या ट्वेल्फ्थ नाइटमधे माल्व्होलियो केला, त्याच्याच गावच्या प्लेहाउसला. माल्व्होलियो म्हणजे सगळ्यांना शिस्त लावणारा, ज्याला हसणं अजिबात खपत नाही असला कारभारी. कोणी सुचवलं असेल त्याला साष्टांग नमस्कार.

आता माझ्या धंद्याचा भाग. १९८९ ला केन डॉडवर इन्कम टॅक्स बुडवल्याची केस उभी राहिली, लिव्हरपूलच्या कोर्टात. काय काय बाहेर निघालं! आइल ऑफ मॅन आणि जर्सी बेटांवर खाती, विमानानं रोकड नेऊन भरलेली, आणि घरात सुटकेसमधे ३,३६,००० पाउंड नोटा. जज्जसाहेबांनी विचारलं, सुटकेसमधे एक लाख पाउंड असले की कसं वाटतं हो? हा म्हणतो, 'नोटा फार हलक्या असतात, मिलॉर्ड.' कोर्टात! आणि स्वतःच आरोपी! त्याचा वकील जॉर्ज कार्मन पण जबरी माणूस, त्यानं ज्युरीला काय सांगितलं तर काही हिशोबनीस विनोदी असतात, पण विनोदी माणूस कधीच हिशोबनीस नसतो. ज्युरीनं निर्दोष सोडलं.

हे वाक्य लोकांना फार आवडतं, सगळीकडं छापून येतं. मी मात्र ते वाचून जागेवरनं उठलो. अहो ज्या माणसानं हजारो रात्रींचा हसण्याचा हिशोब गावनिहाय लिहून ठेवला तो हिशोबनीस नाही? त्याच्याएवढा हिशोबनीस मी आमच्या अख्ख्या यार्डात बघितला नाही. पैशाची चोपडी कोरी आणि हशाची खतावणी चोख, असा माणूस होता तो. कार्मनसाहेबांना वहीचं माहीत नसावं, किंवा असेल आणि वकीलच ते, कशाला सांगतील. मी हे अण्णांना रंगवून सांगितलं. अण्णांनी सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, 'सुटकेस कुठं ठेवलेली त्यानं?'

केसनंतर माणूस खचेल असं वाटतं ना. हा परत पॅलेडियमला गेला आणि स्टेजवर येऊन स्वतःची ओळख करून द्यायला लागला, केनेथ आर्थर डॉड, गायक, फोटोतला छैलछबिला आणि नापास हिशोबनीस. जे नावे पडलेलं ते उचलून जमेला टाकलं. ह्याला म्हणतात पलटी नोंद.

घरचं त्याचं फार कोणाला माहीत नसायचं. अनिटा बूटिन नावाच्या मुलीशी १९५५ मधे साखरपुडा झाला, लग्न काही झालं नाही, बावीस वर्षं तसेच बरोबर राहिले आणि १९७७ मधे ती मेंदूतल्या गाठीनं गेली. त्या बावीस वर्षांतच तर त्याचा सगळा चढता काळ येतो, पॅलेडियम, गाणं, सगळं. पुढं अ‍ॅन जोन्स त्याच्या आयुष्यात आल्या, चाळीसेक वर्षं साथ. शेवटचा कार्यक्रम २८ डिसेंबर २०१७ ला लिव्हरपूललाच केला, वय वर्षं नव्वद. त्याच वर्षी सर झालेला. मग छातीच्या संसर्गानं दवाखाना, घरी आला, ९ मार्च २०१८ ला घरातच अ‍ॅनशी लग्न केलं आणि ११ मार्चला गेला. दोन दिवस. तिकडच्या कायद्यात नवराबायकोला वारसा कर लागत नाही, त्यामुळं पेपरवाल्यांनी लगेच ओळखलं की जाता जाता टॅक्सवाल्यांवर शेवटचा जोक झाला. असेल पण. मला तर ते दोन दिवस आणि ती बावीस वर्षं शेजारी शेजारी लिहिलेली बघून जरा वेळ काही सुचलं नाही.

वह्या मागं राहिल्या त्याच्या, शेकडो. इथं मला माझ्या वह्यांचं दुःख सांगायला पाहिजे. माझ्या सात होत्या. २०१९ च्या ऑगस्टमधे कृष्णेवरच्या आयर्विन पुलाजवळ पाणी ५७ फुटांवर गेलं तेव्हा आम्ही रेशनकार्ड, एलआयसीची कागदं, देव आणि बायकोची शिलाई मशीन माळ्यावर टाकून बाहेर पडलो. मालकांची एक चोपडी घरी आणलेली होती, ती मी छातीशी धरून नावेत बसलो. आणि माझ्या वह्या टीव्हीच्या खालच्या खणात. आठवड्यानं आलो तर खण फुगून उघडेना, पहारीनं उघडला. शाईपेनानं लिहिलेलं सगळं गेलेलं, निळसर डाग नुसते, बॉलपेनचं बरंचसं शाबूत. सातातल्या तीन वाचल्या. बायको चिखल काढता काढता म्हणाली, 'नदीनं तरी वाचली म्हणायची तुमची वही.' हा जोक तिचा, पण मी तो चार गावांत वापरलाय आणि पुराचं पाणी आलेल्या गावात तो सगळ्यात जास्त चालतो, तासगावच्या उलट. का ते मला अजून नीट उलगडलं नाही. बहुतेक माझ्या पण घरात पाणी आलेलं त्यांना कळतं म्हणून.

आता वही बॉलपेननंच लिहितो. भाच्याच्या फोटोनंतर एक नवीन रकाना वाढवलाय, हशा किती सेकंद. मी स्वतः मोजू शकत नाही, ते काम ऑक्टोपॅडवाला करतो, त्याचं ठेक्याचं डोकं आहे, माझ्याकडं बघून बोटं दाखवतो.

नवरात्रात आष्ट्याला कार्यक्रम होता, महिला मंडळाचा. साडेनऊ होऊन गेलेले, मागच्या बायका उठायला लागल्या, पोरं पेंगलेली, भांडी राहिलेली. म्हणलं आज डॉडसाहेबांचा काढूया. आपल्याकडं दाराला पत्राची फट कुठली, म्हणून खिडकी केली. म्हणलं, जावा जावा, पण लक्षात ठेवा, मी मागनं येणार आणि खिडकीतनं तोंड घालून रात्रभर जोक सांगणार.

तिसऱ्या रांगेतनं एक आजी, नऊवारी, मांडीवर नात झोपलेली, बसल्या जागेवरनं म्हणाली, 'ये की लेकरा, च्या टाकते. पर जोक तेवढा नवा आण.'

उठलेल्या बायका परत खाली बसल्या. नात दचकून जागी झाली. ऑक्टोपॅडवाल्यानं एका हाताची पाच, दुसऱ्या हाताची पाच बोटं दाखवली आणि मग अजून एक. दहाला पाच कमी असताना हवालदार आले, ते पण हसतच होते, पण माईक बंद करा म्हणाले.

घरी येऊन वहीत लिहिलं, 'आष्टा. खिडकी. ११ सेकंद. आजीच्या नावे जमा.'